पैनगंगेच्या काठावरून ‘सैराट’

‘सैराट’मध्ये आर्ची आणि परश्या गाव सोडून पळतात आणि पोहोचतात हैदराबादला. २९ एप्रिल २०१६ रोजी हा सिनेमा लागला, तेव्हा पुण्या-सोलापुराकडच्या प्रेक्षकांनी या शहराचा अर्थ सरळ लावला. पोरं इतकी लांब गेली, की तिथली भाषासुद्धा आपली नाही. दिग्दर्शक नागराज मंजुळे यांच्या गोष्टीला असंच ठिकाण हवं होतं. पुण्या-मुंबईला आडनाव ऐकून गाव, तालुका आणि पाहुणे काढणारा कुणीतरी भेटतोच. हैदराबादेत परश्याच्या ‘काळे’ आणि आर्चीच्या ‘पाटील’ या दोन आडनावांमधलं अंतर कुणाला कळत नाही. पण हाच सिनेमा आदिलाबाद जिल्ह्यातल्या बेल्याकडून पाहिला, तर नकाशा उलटा होतो. बेल्यात घराघरांत मराठी बोलली जाते आणि बेल्याची राजधानी हैदराबाद आहे. सरकारी कागद तेलुगूत येतो, आमदार हैदराबादच्या विधानसभेत बसतो, मोठ्या दवाखान्यासाठी एक तर ३०० किलोमीटरहून दूरचं हैदराबाद गाठायचं नाही तर नागपूर. आर्चीला जो मुलूख परका वाटला, तो इथल्या मराठी माणसाचा स्वतःचा आहे. आणि इथून पाहताना मराठी प्रेमपटांबद्दलची एक गोष्ट फार स्पष्ट दिसते, ती अशी की या सिनेमांतल्या प्रेमाला भाषा कधीच अडवत नाही. राज्याची सीमाही अडवत नाही. अडवते ती जात, आणि ती नेमकी तिथे अडवते जिथे दोघांची भाषा, गाव आणि शाळा एकच असते.

आधी बेल्याची गोष्ट, कारण पुढचा सगळा युक्तिवाद तिच्यावर उभा आहे. मंडलाच्या उत्तरेला पैनगंगा वाहते आणि नदीपलीकडे महाराष्ट्र. आदिलाबादहून निघालेला रस्ता बेल्यावरून कोरपना, गडचांदूर करत राजुऱ्याकडे जातो. १९५६ साली भाषावार राज्यरचना झाली, तेव्हा जुन्या हैदराबाद राज्यातला आदिलाबाद जिल्हा फुटला. किनवट आणि राजुरा हे तालुके मराठी म्हणून तेव्हाच्या मुंबई राज्याकडे गेले, आज ते अनुक्रमे नांदेड आणि चंद्रपूर जिल्ह्यांत आहेत. बेला मात्र आंध्र प्रदेशात राहिलं आणि २ जून २०१४ पासून तेलंगणात आलं. म्हणजे १९५० साली इथे नांदायला आलेली एखादी सून आयुष्यभर एकाच घरात राहून तीन राज्यांची रहिवासी झाली असेल. थोडं पुढे, जिवती तालुक्यातल्या १४ गावांवर तर महाराष्ट्र आणि तेलंगणा दोघांचाही दावा आहे आणि तिथल्या माणसांनी दोन्हीकडचं रेशन आणि दोन्हीकडचं मतदान पाहिलेलं आहे. एवढं सगळं वरच्या पातळीवर होत असताना सोयरिकी कुठे थांबल्या? नाही थांबल्या. इकडची लेक तिकडे दिली जाते, तिकडची सून इकडे आणली जाते. माहेर यवतमाळ जिल्ह्यात आणि सासर तेलंगणात असणं यात या भागात कुणाला बातमी दिसत नाही. लग्न जमवताना शेती किती, विहिरीला पाणी आहे का, पोरगा पितो का, हे विचारलं जातं. ‘राज्य कोणतं’ हा प्रश्न फार तर रेशनकार्ड आणि जातीचा दाखला काढताना येतो. तो दाखला मात्र लागतोच.

याच्या शेजारी ‘सैराट’चा पूर्वार्ध ठेवून पाहा. करमाळ्याकडचं बिटरगाव, एकच शिवार, एकच कॉलेज, एकच क्रिकेटचं मैदान. आर्ची आणि परश्या ज्या मराठीत बोलतात तिचा हेलसुद्धा एक आहे. ती बुलेट चालवते, ट्रॅक्टर चालवते, इंग्रजीत सुनावते. तो अभ्यासात हुशार, कविता करणारा. भाषा जोडते म्हणतात, तर यांना जोडायला काही कमी नव्हतं. पण तो पारधी समाजातल्या मासेमारी करणाऱ्या घरातला आणि ती गावच्या पाटलाची. दोघांच्या घरांमधलं अंतर चालत पाच-दहा मिनिटांचं असेल, तेवढं पार करायला त्यांना दुसऱ्या राज्यात जावं लागलं. मंजुळे यांनी हे भाषणातून सांगितलं नाही, वर्गात दाखवलं. दलित कवितेवर बोलणाऱ्या शिक्षकाच्या कानफटात आर्चीचा भाऊ प्रिन्स भर वर्गात देतो, आणि नंतर घरात या पराक्रमाचं कौतुक होतं. शिक्षक आणि विद्यार्थी मराठीच बोलत होते. भाषेच्या तासालाच हे घडलं.

उत्तरार्धात सिनेमा भाषेचा प्रश्न खरोखर हाताळतो आणि तिथे त्याचं निरीक्षण फार बारीक आहे. गावात आवाज चढवून बोलणारी आर्ची हैदराबादेत मुकी होते. झोपडपट्टीतलं पत्र्याचं घर, सामाईक संडास, पाण्याच्या बाटल्या भरण्याच्या कारखान्यातलं काम, आणि भोवती न कळणारी तेलुगू. हिंदी सिनेमात पळून गेलेल्या जोडप्याच्या पहिल्या दिवसांवर एक गाणं टाकून मोकळे होतात. इथे आर्चीला घाण वाटते, रडू येतं, स्वयंपाक जमत नाही. परश्या डोशाच्या गाडीवर राबतो आणि घरी येऊन तोच रांधतो. मग ती हळूहळू कारखान्यातल्या मैत्रिणीकडून तेलुगू शिकते. आधी दोन-चार शब्द, मग वाक्यं, मग भाजीवाल्याशी घासाघीस करता येईल एवढी. सिनेमात याचा गाजावाजा नाही, काम करता करता ती शिकते एवढंच. आणि इथेच माझ्या म्हणण्याचा पहिला पुरावा आहे. जी भाषा तिला येत नव्हती, ती वर्ष-दोन वर्षांत आली. परकं शहर आपलं झालं, स्कूटर आली, फ्लॅट घ्यायचं ठरलं, पोराने तिथेच पाऊल टाकलं. भाषेची सीमा कष्टाने ओलांडता आली. जात अशी शिकता येत नाही आणि विसरायची म्हटली, तर ज्यांनी ती लक्षात ठेवली आहे ते तुमच्या विसरण्याची वाट पाहत बसत नाहीत.

कुणी म्हणेल, भाषेला इतकं हलकं लेखू नका. हैदराबादेत पहिल्याच दिवसांत गुंड या दोघांना घेरतात, तेव्हा धावून येते ती मराठी बोलणारी सुमनअक्का. छाया कदम यांनी ही भूमिका केली आहे. तिच्याऐवजी फक्त तेलुगू येणारी बाई असती तर? आक्षेप रास्त आहे. अनोळखी मुलखात आपली बोली कानावर पडली की माणसाचा अर्धा जीव भांड्यात पडतो, हे तेलंगणातल्या मराठी माणसाला वेगळं सांगायला नको. पण सुमनअक्का या पोरांना थारा देते तो त्यांचं आडनाव न विचारता, खोली देते, कामाला लावते. भाषेचं नातं असं उपयोगी पडतं ते जातीची चौकशी गळून पडल्यावर. उलट बाजूला प्रिन्सही मराठीच बोलतो, तोही बहिणीच्याच भाषेत. एकाच भाषेतली परकी बाई वाचवते आणि त्याच भाषेतला सख्खा भाऊ मारतो. यावरून भाषा काहीच नसते असं मी म्हणत नाही, तिचं बळ जातीपुढे तोकडं पडतं एवढंच म्हणतो.

ही गोष्ट एकट्या ‘सैराट’ची नाही. मागे जाऊन ‘प्रभात’चा ‘माणूस’ पाहावा. १९३९ सालचा, व्ही. शांताराम यांचा. शाहू मोडक यांचा गणपत पोलीस आणि शांता हुबळीकर यांची मैना, जी कोठ्यावर बसते. या सिनेमातलं हुबळीकरांचं एक गाणं आजही लोकांच्या ओठांवर आहे. त्यात मराठीबरोबर इतर प्रांतांच्या भाषांतल्या ओळी येतात, कारण मैनेच्या दारात मुंबईत येणारे सगळ्या मुलखांचे पुरुष येतात. सगळ्या भाषांना उघडं असलेलं ते दार आहे. मैनेला एकच दार उघडत नाही, ते गणपतच्या घराचं. तो तिला आईकडे नेतो, आईच्या मायेत कमी काही नाही, आणि त्या देवघर असलेल्या घरात आपली जागा नाही या विचाराने मैनाच मागे फिरते. इथे अडसर जातीचा थेट नाव घेऊन येत नाही, तो ‘घरंदाज’ असण्याचा आहे. पण घरंदाजपणा नावाची वस्तू आपल्याकडे कशाची बनलेली असते हे वाचकांना ठाऊक आहे. मराठी प्रेमपटाचा खरा प्रश्न ‘ही दोघं एकमेकांना भेटतील का’ हा क्वचितच असतो. ‘दोघांना राहायला घर कोण देणार’ हा असतो. तेलुगूतही ‘माला पिल्ला’ त्याच्या एकच वर्ष आधी, १९३८ साली आला होता आणि त्यात ब्राह्मण तरुण आणि दलित मुलगी यांच्या प्रेमाची गोष्ट होती. दोन शेजारी भाषा, दोन वेगळे पडदे, आणि अडसर तोच.

मंजुळे यांचाच ‘फँड्री’ या बाबतीत ‘सैराट’हून कठोर आहे. जब्या कैकाडी, शालू वरच्या जातीतली, दोघं एकाच शाळेत. संपूर्ण सिनेमाभर जब्या तिच्यावर जीव टाकतो आणि तिच्याशी धड बोलणं त्याच्या नशिबी येत नाही. एकच भाषा असून प्रेमकथेत संवादच नाही, अशी अवस्था आहे. शेवटी गावातलं डुक्कर धरायला बापाबरोबर त्याला सगळ्या शाळेसमोर पळावं लागतं आणि बघ्यांच्या गर्दीत शालूही हसत असते. शालू वाईट मुलगी नाही. तिला जे हसण्यासारखं वाटतं ते तिने शोधून काढलेलं नाही, गावाने तिला शिकवलेलं आहे. ‘फँड्री’ला प्रेमपट म्हणायला कुणी कचरेल. मला तो मराठीतला सगळ्यात प्रामाणिक प्रेमपट वाटतो, कारण बहुसंख्य प्रेमं या टप्प्यावरच, एकही शब्द न बोलता संपतात.

आता मोठा आक्षेप. बहुतेक मराठी प्रेमपटांत जात येतच नाही, मग दोन-तीन सिनेमे धरून सिद्धांत का मांडायचा? ‘मुंबई-पुणे-मुंबई’मध्ये कुठे आहे जात? ‘दुनियादारी’त कुठे आहे? याचं उत्तर ‘मुंबई-पुणे-मुंबई’च्या कथेतच आहे. २०१० सालचा सतीश राजवाडे यांचा हा सिनेमा दिसायला अगदी आधुनिक: एक मुलगी, एक मुलगा, एक दिवस आणि नुसत्या गप्पा. पण मुक्ता बर्वे यांची नायिका मुंबईहून पुण्याला कशाला आली आहे? स्थळ बघायला. आणि दिवसभर ज्याच्याशी ती भांडते, तो स्वप्नील जोशी यांचा नायक शेवटी तेच स्थळ निघतो. म्हणजे सिनेमा सुरू होण्याआधीच दोन्ही घरांनी पत्रिका, पगार, पोटजात सगळं पाहून ठेवलेलं आहे. जात दिसत नाही, कारण तिचं काम आधीच उरकलेलं आहे. उरतो तो मुंबई आणि पुणे या दोन शहरांमधला भांडणाचा विषय, आणि तो इतका निरुपद्रवी आहे की त्यावर पुढे आणखी दोन भाग निघाले. मी हे सिनेमाला नावं ठेवण्यासाठी म्हणत नाही, संवाद खुसखुशीत आहेत आणि दोघांची जोडी झकास जमली आहे. पण ‘इथे जात नाही’ असं म्हणणं आणि ‘इथे जातीने आधीच शिक्का मारला आहे’ असं म्हणणं यात फरक आहे. ‘टाइमपास’मध्ये तर दगडू परब आणि प्राजक्ता लेले ही आडनावंच सगळं सांगून जातात, सिनेमा मात्र तो विषय चाळ, गरिबी आणि बापाचा तिरसटपणा यांच्या विनोदात गुंडाळतो.

दुसरा पुरावा सिनेमांच्या प्रवासात सापडतो. प्रेमकथा भाषेच्या सीमा किती सहज ओलांडतात पाहा. रितेश देशमुख यांचा ‘वेड’ ३० डिसेंबर २०२२ ला आला आणि गर्दी खेचून गेला. तो मुळात ‘मजिली’ या २०१९ च्या तेलुगू सिनेमाचा मराठी अवतार. पहिल्या प्रेमाच्या दुःखात बुडालेला नवरा आणि त्याला निमूट सांभाळणारी बायको, ही गोष्ट तेलुगूतून मराठीत आली आणि कुठे खटकली नाही. गुजराती सिनेमाचंही तसंच. पन्नालाल पटेल यांच्या ‘मळेला जीव’ या कादंबरीवर १९५६ साली गुजरातीत सिनेमा निघाला. जत्रेत भेटलेले कानजी आणि जीवी, त्यांच्या जाती वेगळ्या, म्हणून कानजी तिचं लग्न आपल्याच गावातल्या तिच्या जातीच्या माणसाशी लावून देतो, निदान डोळ्यांसमोर राहील म्हणून. हीच गोष्ट पुढे ‘जनुमद जोडी’ या नावाने १९९६ साली कन्नडमध्ये गेली आणि तिथेही चालली. गुजरातेतल्या खेड्याची व्यथा कर्नाटकातल्या खेड्याला समजावून सांगावी लागली नाही. ‘सैराट’ही पाच भाषांत गेला: कन्नड, पंजाबी, ओडिया, बंगाली आणि हिंदी. यातला हिंदी ‘धडक’ (२०१८) सगळ्यात बोलका आहे. बिटरगाव जाऊन उदयपूर आलं, हैदराबादच्या जागी कोलकाता आलं, तळ्या-राजवाड्यांची रेलचेल झाली, संगीत तेच राहिलं. भाषांतरात हरवली ती जात. नायकाच्या समाजाचा पुसट उल्लेख उरला आणि गोष्ट श्रीमंत-गरीब, राजकारणी बाप अशा ओळखीच्या वळणावर गेली. भाषा बदलायला निर्मात्यांना भीती वाटली नाही. जातीचं नाव घ्यायला वाटली.

‘सैराट’वर सर्वांत जास्त ऐकू आलेली तक्रार वेगळी होती. या सिनेमाने पोरं बिघडली, शाळेतल्या मुली पळून जायला लागल्या, ‘झिंगाट’ गाण्यावर नाचून संस्कार गेले. हा आरोप करणाऱ्यांनी तारखा पाहाव्यात. नगर जिल्ह्यातल्या सोनईत तीन दलित तरुणांचे खून झाले ते जानेवारी २०१३ मध्ये. खर्ड्यात वरच्या जातीच्या मुलीशी प्रेम असल्याच्या संशयावरून एका कोवळ्या दलित मुलाला मारलं ते एप्रिल २०१४ मध्ये, ‘सैराट’ लागण्याच्या बरोबर दोन वर्षं आधी. आणि नोव्हेंबर २०१७ मध्ये त्या खटल्यातले आरोपी निर्दोष सुटले. सिनेमा कुणी पाहिला म्हणून हे घडलं नाही, हे घडत होतं म्हणून सिनेमा झाला. आणि ज्यांना वाटत असेल की हैदराबादच्या बाजूला गेलं की सुटका होते, त्यांच्यासाठी तेलंगणातल्या नलगोंडा जिल्ह्यातलं मिर्यालगुडा आहे. सप्टेंबर २०१८ मध्ये तिथे एका दलित तरुणाला त्याच्या गरोदर बायकोच्या डोळ्यांसमोर, दवाखान्यातून बाहेर पडताना मारलं गेलं. सुपारी मुलीच्या बापानेच दिली होती. मार्च २०२५ मध्ये न्यायालयाने त्या प्रकरणात एकाला फाशी आणि इतरांना जन्मठेप सुनावली. तिथे दोन्ही घरं तेलुगूच बोलत होती. बिटरगावातून हैदराबादला पळणं आणि मिर्यालगुड्यातून महाराष्ट्रात पळणं, दोन्हींचा हिशेब सारखाच आहे: राज्य बदलल्याने वाचतो तो थोडा वेळ.

याहून अवघड आक्षेप आईबापांचा आहे आणि त्याला चेष्टेवारी नेऊन चालणार नाही. ते म्हणतात, सोयरिक म्हणजे नुसती जात पाहणं नव्हे. लेकीला उद्या नवऱ्याने मारलं, सासूने छळलं, शेत बुडालं, तर मागे उभं राहायला चार पाहुणे लागतात. ओळखीच्या घरात दिली की मध्ये पडायला कुणीतरी असतं. पळून गेलेलीला कोण? हे खरं आहे आणि ‘सैराट’ने ते लपवलेलं नाही. हैदराबादेत परश्या बदलतो. गावात हळवा असलेला हा पोरगा आर्चीला दुसऱ्याशी हसताना पाहून संशय घेतो आणि एके दिवशी तिच्यावर हात उगारतो. ती रागाने निघते, घरच्या वाटेला लागते आणि परत फिरते. त्या क्षणी तिच्या मागे खरोखर कुणी नाही. पण तो आधार काढून घेतला कुणी? परश्याने नव्हे. सोयरिकीचा विमा फक्त जातीतल्या लग्नालाच लागू ठेवायचा आणि मग विमा नसलेल्या लेकीकडे बोट दाखवायचं, ही आईबापांची काळजी नाही, अट आहे. आणि त्यांनाही ती अट मोडायची मुभा नसते. ‘सैराट’मध्ये परश्याच्या बापाची आपल्याच जातीच्या पंचांसमोर काय गत होते ते आठवावं, उरलेल्या लेकरांची लग्नं कशी होणार ही त्याची भीती खरी आहे. महाराष्ट्राच्या विधिमंडळाने सामाजिक बहिष्काराविरुद्धचा कायदा मंजूर केला तो एप्रिल २०१६ मध्येच, ‘सैराट’ लागला त्याच महिन्यात, आणि तो लागू व्हायला जुलै २०१७ उजाडला. म्हणजे बापाची भीती सरकारलाही मान्य होती.

मराठी प्रेमकथेत माहेर हे नेहमी तिसरं पात्र असतं आणि ‘सैराट’चा शेवट त्याच पात्राने घडवलेला आहे, हे पुष्कळांच्या लक्षात राहत नाही. आर्चीला शोधून काढणारा कुणी हेर नाही. पोर झाल्यावर, संसार रुळल्यावर तीच आईला फोन करते. माहेरची आठवण हा मराठी बाईच्या आयुष्यातला सगळ्यात साधा, सगळ्यात निरागस धागा, आणि तो धरूनच भाऊ दारात येतो. ती दारासमोर रांगोळी काढत असते, तो आणि बरोबरचे लोक माहेरचा आहेर घेऊन आलेले असतात. ती चहा टाकते. पुढे आर्ची आणि परश्या दोघांचा खून होतो, आणि दिग्दर्शकाने तिथे आवाज काढून घेतला आहे. बेल्याकडच्या बाईला पैनगंगा ओलांडून माहेरी फोन करायला, दिवाळीला जायला, भाऊबीजेला भावाला बोलवायला कुणाची भीती वाटत नाही. तिच्यात आणि आर्चीत काय फरक आहे? दोघींचा संसार तेलंगणात, दोघींचं माहेर महाराष्ट्रात. एकीचं लग्न जातीत झालं, दुसरीचं जातीबाहेर. सगळा फरक एवढाच, आणि एवढ्यावर एकीला साडी-चोळी मिळते आणि दुसरीला सुरा.

डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९३६ सालीच लिहून ठेवलं होतं की आंतरजातीय विवाह हाच जात मोडण्याचा खरा उपाय. त्यानंतर पाऊणशे वर्षांनी, २०११-१२ च्या भारत मानव विकास सर्वेक्षणात अशी लग्नं शंभरात सुमारे ५ निघाली. या पाचांपैकी बहुतेक जोडपी जिवंत आहेत, भांडतात, कर्ज फेडतात, पोरांच्या शाळेच्या फॉर्मवर कोणती जात लिहायची यावर रात्री बोलत बसतात. मराठी सिनेमाने मरणारी जोडपी ताकदीने दाखवली. ही जगणारी जोडपी, त्यांचा म्हातारपणापर्यंतचा संसार, त्याला अजून हवा तसा लेखक मिळालेला नाही, आणि ‘सैराट’च्या यशाने ती वाट उलट अवघड केली, असं माझं मत आहे. जातीबाहेरचं प्रेम म्हणजे रक्ताची पावलं, हे समीकरण पडद्यावर इतकं पक्कं बसलं की त्यातून घाबरलेल्या आईबापांना आणखी एक निमित्त मिळालं. हा दोष मंजुळे यांचा नाही. एका सिनेमाकडून एकाच सत्याची अपेक्षा करावी. दुसरं सत्य सांगायला दुसरे सिनेमे हवेत.

सिनेमे येतील तेव्हा येतील; कायदा आजच आहे आणि तो पैनगंगेच्या दोन्ही काठांवर एकच आहे. मुलगी १८ ची आणि मुलगा २१ चा असला की लग्नाला आईबापांची परवानगी लागत नाही. १९५४ च्या विशेष विवाह कायद्याने लग्न करायचं, तर दोघांपैकी एकजण जिथे किमान ३० दिवस राहिला आहे तिथल्या विवाह अधिकाऱ्याकडे नोटीस द्यायची, आणि ती ३० दिवस कचेरीत लावली जाते. नेमक्या या ३० दिवसांत गावाला सुगावा लागतो, म्हणून जोडपी घाबरतात. दोघं हिंदू असतील, तर १९५५ च्या हिंदू विवाह कायद्यानेही लग्न होतं आणि त्यात ही नोटीस नाही. २७ मार्च २०१८ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं आहे की अशा जोडप्यांच्या तक्रारी घ्यायला प्रत्येक जिल्ह्यात विशेष कक्ष असावा, त्याला २४ तासांची हेल्पलाइन असावी, आणि जिल्ह्याच्या ठिकाणी सुरक्षित निवारा उभारण्याचा राज्यांनी विचार करावा. आर्ची-परश्याला तीनशे-चारशे किलोमीटर पळावं लागलं, कारण जवळ असं दारच नव्हतं. आदिलाबाद असो, यवतमाळ असो की चंद्रपूर, आपल्या जिल्ह्यात तो कक्ष नेमका कुठे आहे, निवारा सुरू आहे का आणि रात्री फोन कोण उचलतं, एवढं प्रत्येक वाचकाने पोलीस अधीक्षकांच्या कार्यालयात एकदा विचारून ठेवावं.